तिनातली दुसरी मॅच

नवरात्राच्या मागंपुढं पहाटे साडेपाचला आमच्या ओट्यावर मोबाईल उभा असतो. मागं टेकायला पाण्याचा तांब्या, पुढं परात. भाकरी थापत मी अमेरिकेतलं बेसबॉल बघते. तिकडं तेव्हा आदल्या दिवशीची संध्याकाळ असते, मैदान दिव्यांनी लखलखत असतं, आणि इकडं जळकोटात हायवेवरून दुधाच्या गाड्या जात असतात. मी शाळेत खेळाची शिक्षिका, त्यामुळं घरात कुणी फारसं काही म्हणत नाही. सासूबाई तेवढ्या चहाचा कप घेऊन शेजारी बसतात आणि बघता बघता विचारतात.

मागच्या वर्षी म्हणाल्या, "ही पांढऱ्या कपड्यातली पोरं काल हरली म्हन्लीस न्हवं? मंग आज परत कशी खेळायलेत?"

"हरली म्हणजे एक मॅच हरली, आत्या. सातात चार जिंकायच्या असतात. जो आधी चार जिंकंल त्याचा कप."

"म्हंजी तीनदा हरलं तरी चालतंय?"

"चालतंय."

"बरं हाय बाई त्यांचं," म्हणाल्या आणि कप विसळायला उठल्या.

त्यांनी ते सहज म्हटलं. हरल्यावर दुसऱ्या दिवशी परत उभं राहायला मिळणं, हे मला आयुष्यात एकदाच मिळालं आणि पुढच्याच वर्षी काढून घेतलं गेलं. मी आता चाळिशीला आले. दोन पोरं आहेत, नोकरी आहे, तब्येत बरी आहे. तरी त्या एका गोष्टीचा कडवटपणा गेलेला नाही, आणि तो जावा असं मला फारसं वाटतही नाही.

मी मूळची लोहाऱ्याजवळच्या एका खेड्यातली. शाळा लोहाऱ्यात. सकाळी जीपमध्ये कोंबून यायचं, संध्याकाळी मिळेल त्या एसटीनं परत जायचं. आमचे खेळाचे सर कुठल्याशा शिबिराला जाऊन आले आणि येताना बेसबॉल घेऊन आले. त्याआधी मुलींना फक्त खो-खो होता. सरांनी एक बॅट, पाच-सहा ग्लोव्ह आणि शिवलेल्या टाक्यांचे जड चेंडू आमच्यापुढं ठेवले आणि म्हणाले, "हे क्रिकेट न्हाय. हितं चेंडू टप्पा घेत न्हाय आन् पळायचं सरळ न्हाय, चौकोनात." घरी कुणी विचारलं तर आम्हीही तेवढंच सांगायचो.

बेसबॉलमध्ये सगळं पिचरच्या हातात असतं. चेंडू टाकणारी ती पिचर. ती चांगली असली की समोरच्या मुली नुसत्या बॅट फिरवून माघारी जातात. सरांनी आमच्यातून दोन पिचर निवडल्या. एक माझी मैत्रीण आणि दुसरी मी.

मैत्रिणीच्या अब्बांचं स्टँडजवळ बांगड्यांचं दुकान होतं. ती माझ्यापेक्षा वीतभर उंच. तिचा चेंडू मागं झेलणाऱ्या कॅचरच्या ग्लोव्हमध्ये बसला की फटाका फुटल्यासारखा आवाज यायचा, बाजूच्या तहसीलीत कामाला आलेली माणसं कुंपणापाशी येऊन थांबायची. माझा चेंडू हळू यायचा, पण शेवटी खाली बसायचा. सर तिला 'एक नंबर' म्हणायचे आणि मला 'दोन नंबर'. दोन नंबर म्हटलं की पोरी हसायच्या. "हिचा धंदा दोन नंबरचा हाय," म्हणून चिडवायच्या. मैत्रीण त्यांना दम द्यायची, "ए, मेरेकू गरज लगती इसकी, चुप बैठो." आणि मग माझ्याकडं वळून मराठीत, "तू नको ध्यान देऊ गं."

तिला माझी गरज का लागायची, ते स्पर्धेच्या नियमामुळं. तेव्हा जिल्ह्यात बेसबॉल खेळणाऱ्या मुलींच्या टीम मोजक्या होत्या. त्यामुळं फायनल एका मॅचची नसायची, तिनात दोन अशी असायची. तीन दिवस तीन मॅच, जो आधी दोन जिंकेल तो विभागाला जाणार. एकाच पोरीनं तिन्ही दिवस टाकायचं म्हटलं तर तिसऱ्या दिवशी तिचा हात उचलत नाही. म्हणून दुसरी पिचर लागतेच. सर मैदानावर आमच्यामध्ये उकिडवे बसून समजावून सांगायचे, "एका मॅचला पिचर जिंकती. तीन मॅचला टीम जिंकती. पाच म्हना, सात म्हना, जेवढ्या मॅच वाढत्याल तेवढी नशिबाची किंमत कमी. आन् दोन नंबरची किंमत जास्त." शेवटचं वाक्य ते माझ्याकडं बघून म्हणायचे.

मी नववीत असताना आम्ही फायनलला पोचलो. फायनल धाराशिवला होती आणि राहायची सोय एका शाळेच्या वर्गांत. बाकं एका बाजूला रचून सतरंज्या टाकलेल्या. समोर धाराशिवचीच एक मोठी शाळा होती, त्यांच्या सगळ्या पोरींना एकसारखे बूट.

पहिल्या दिवशी मैत्रिणीनं टाकलं आणि आम्ही एका धावेनं हरलो. तिचं काही चुकलं नव्हतं. आमच्याच दोघींनी सोपे झेल सोडले. संध्याकाळी खिचडीची पातेली तशीच राहिली, कुणी जेवेना. सर दारात आले.

"काय मेलंय का कुनी?"

आम्ही सतरंजीवर सरकून बसलो.

"उद्या नऊ वाजता मॅच हाय. जेवा आन् झोपा. हरलाव म्हंजी एक हरलाव."

दुसऱ्या दिवशी मी टाकलं. आदल्या दिवशी त्या पोरींनी मैत्रिणीच्या वेगाला नजर बसवली होती. माझा हळू चेंडू आला की त्यांची बॅट आधीच फिरून गेलेली असायची. चेंडू मागून, आरामात. त्यांच्या मॅडम बाहेरून ओरडत होत्या, "थांबा, थांबा की जरा!" आणि त्या थांबल्या की चेंडू खाली बसायचा. आम्ही जिंकलो. शेवटची पोरगी बाद झाली तेव्हा मैत्रीण पळत आली आणि तिनं मला असं उचललं की माझी चप्पलसुद्धा पायात राहिली नाही. बूट आम्हाला नव्हतेच.

तिसऱ्या दिवशी मैत्रिणीचा हात विसावला होता, आणि समोरच्या पोरींना आता माझ्या हळू चेंडूची सवय झाली होती. तिचे चेंडू त्यांना दिसलेच नाहीत. कप लोहाऱ्याला आला. विभागाला गेलो आणि पहिल्याच मॅचला हरलो, पण त्याचं कुणालाच काही वाटलं नाही. कप हेडमास्तरांच्या खोलीत काचेच्या कपाटात ठेवला. सरांचा सत्कार झाला. तालुक्यातले लोक सरांना रस्त्यात थांबवून बोलायला लागले.

दहावीच्या वर्षी सर धाराशिवला मीटिंगला गेले. परत आले ते स्टँडवरून थेट मैदानावर, हातातली पिशवीसुद्धा खाली न ठेवता.

"फायनल एकच मॅच केली," म्हणाले.

झालं असं होतं की बऱ्याच शाळांनी बेसबॉल सुरू केलं होतं. खेळाचे गुण मिळतात हे सगळ्यांना कळलं होतं. टीम वाढल्या, दिवस तेवढेच राहिले. मग टीमचे दोन गट पाडले. आधी गटात साखळी सामने, प्रत्येकीशी एक. मग दोन्ही गटांतल्या पहिल्या दोन-दोन टीमची उपांत्य फेरी आणि फायनल. दोन्ही एकाच दिवशी, सकाळी आणि दुपारी, एकेकच मॅच.

सर लालबुंद झाले होते. "ही काय फायनल हाय व्हय? एका मॅचला वारा बी जिंकतो! साखळीत सगळ्यांना हरवायचं आन् एका दुपारी घरी जायचं. म्या तिथं बोललो, पर कोन ऐकतंय. म्हणले जास्त शाळांना संधी मिळाली पायजे."

पोरी सरांबरोबर चिडल्या. मी चिडले नाही. मला वेगळंच कळलं होतं. एकच मॅच म्हणजे एकच पिचर. माझी गरज संपली होती, आणि ती माझ्या खेळामुळं नाही, कुठल्याशा मीटिंगमध्ये चहा पिता पिता संपली होती.

तरी साखळीत मला टाकायला मिळालं, मैत्रिणीचा हात राखून ठेवायचा म्हणून. त्या मोठ्या शाळेची टीम आमच्याच गटात होती. त्यांच्याविरुद्ध मी टाकलं आणि आम्ही सहज जिंकलो. आम्ही गटात पहिल्या, त्या दुसऱ्या. नुसती साखळीच धरली असती, किंवा गटातली पहिलीच टीम पुढं घेतली असती, तर त्या तिथंच घरी गेल्या असत्या. नव्या नियमात दुसऱ्या नंबरलाही दार उघडं होतं. त्या आत आल्या.

उपांत्य मॅचला मी टाकीन असं मला वाटलं होतं, कारण समोरची टीम कच्ची होती. सरांनी मैत्रिणीला बोलावलं. ती मॅच बरोबरीत गेली, जादा इनिंग खेळाव्या लागल्या, आणि ऊन चढेपर्यंत ती टाकत राहिली. जिंकलो. जेवायला बसलो तेव्हा ती डाव्या हातानं भात कालवत होती.

"काय झालं गं?" मी विचारलं.

"काय न्हाय. खांदा जड झालाय."

"सरांना सांग."

"सांगितलं. स्प्रे मारला त्यांनी."

दुपारी फायनलला समोर तीच टीम. मी बाजूला कॅचरच्या बदली पोरीबरोबर हात गरम करत होते. कुणी सांगितलं नव्हतं, आपली आपणच करत होते. पाचव्या इनिंगपर्यंत आम्ही एका धावेनं पुढं होतो. मग तिच्या चेंडूचा तो फटाक्याचा आवाज बंद झाला. चेंडू पोचत होता, आवाज नव्हता. सहाव्या इनिंगला बरोबरी झाली. इनिंग संपल्यावर ती बाहेर आली आणि सरांपुढं उभी राहिली.

"सर, हिला द्या. हिनं यांना हरवलंय."

सरांनी माझ्याकडं बघितलं. मी ग्लोव्ह घातलेला होता. त्यांनी नजर फिरवली.

"ती साखळी होती. आज चूक परवडत न्हाय. एवढी एक इनिंग काढ."

मुलींच्या मॅचला सातच इनिंग असतात. सातवी तिनं टाकायला घेतली. पिचरचे चार चेंडू भलतीकडं गेले की समोरच्या पोरीला फुकट पहिला बेस, म्हणजे चौकोनाचा पहिला कोपरा, मिळतो. तिनं एकीला असा बेस दिला. मग दुसरीला. एकीनं मारलं आणि तिन्ही बेस भरले. मैत्रीण थांबली आणि बाकाकडं बघायला लागली. मी उठून उभी होते. सर जमिनीकडं बघत होते.

पुढच्या पोरीलाही चार चेंडू भलतीकडं गेले. बेस भरलेले असले की असं झाल्यावर तिसऱ्या बेसवरची पोरगी घरात येते आणि धाव होते. कुणी चेंडू मारलासुद्धा नाही. ती पोरगी चालत आली, पळायचीही गरज नव्हती, आणि आम्ही एका धावेनं मागं पडलो. आमच्या शेवटच्या पाळीत काही झालं नाही.

संध्याकाळी सतरंज्या गोळा करताना मला सारखं वाटत होतं की सर दारात येतील आणि म्हणतील, उद्या नऊ वाजता. सर आले, म्हणाले, "एसटी सहाची हाय, सामान घ्या."

मैत्रिणीच्या घरच्यांनी आधी तेल लावून घेतलं, मग हाडवैद्य केला. सोलापूरच्या डॉक्टरकडं नेलं तोवर बरेच महिने गेले होते. खांद्यात आतून काहीतरी फाटलंय, तेव्हाच विश्रांती दिली असती तर बरं झालं असतं, एवढंच तो म्हणाला. तिनं परत कधी चेंडू टाकला नाही. आज ती अब्बांच्याच दुकानात बसते, नवराही तिथंच असतो. वरच्या फळीवरचे बांगड्यांचे डबे ती डाव्या हातानं काढते. उजवा खांद्याच्या वर जात नाही.

मी बारावीनंतर खेळाचंच शिक्षण घेतलं. लग्न होऊन जळकोटात आले, शाळेत लागले, मुलींना बेसबॉल शिकवायला लागले.

अमेरिकेतलं बेसबॉल मी नीट बघायला लागले ते कोरोनात, शाळा बंद होत्या तेव्हा. त्या वर्षी त्यांनी हंगाम तोकडा केला होता आणि शेवटच्या फेऱ्यांना नेहमीपेक्षा खूप जास्त टीम घेतल्या होत्या. मला वाटलं, हेही आपल्यासारखेच. मग मी मोबाईलवर मागचं सगळं शोधून वाचत गेले. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी त्यांनी फायनल सुरू केली तेव्हा ती नवात पाच अशी होती. पुढच्या वर्षी एका टीमनं खेळायलाच नकार दिला. मग सातात चार केली. मध्ये परत दोन-तीन वर्षं नऊ करून बघितली, आणि पुन्हा सातावर आले ते आजपर्यंत. कितीतरी वर्षं मधल्या फेऱ्या नव्हत्याच. दोन लीग, दोन्हीकडं हंगामभर खेळून जी टीम पहिली येईल ती सरळ फायनलला. महिनोन्‌महिने खेळलेलं सगळं मोजलं जायचं.

मग टीम वाढल्या. लीगचे गट पाडले, गटविजेत्यांची आपसात पाचात तीन लावली. पुढं त्या पाचाच्या सात केल्या. पुढं आणखी गट पाडले, आणि गट न जिंकलेल्यांमधल्या चांगल्या टीमलाही दार उघडलं. मग अशा दोन टीमची एकच मॅच लावली, हरला तो घरी. ते वाचलं तेव्हा माझं तोंड कडू झालं. पण दहा वर्षांच्या आत त्यांनी ती एक मॅच रद्द केली आणि तिनात दोन केली. आता प्रत्येक लीगमधून सहा टीम घेतात. वरच्या दोघींना पहिल्या फेरीत विश्रांती, बाकीच्या चौघी तिनात दोन खेळतात, आणि तेही वरच्या नंबरवालीच्या मैदानावर, म्हणजे हंगामभर चांगलं खेळल्याची काहीतरी किंमत राहते. मग पाचात तीन, मग सातात चार, आणि फायनल सातात चार.

हे सगळं त्यांनी न्यायासाठी केलं असं नाही. जास्त मॅच म्हणजे जास्त तिकिटं, जास्त जाहिराती. तिथंही हंगामभर सगळ्यांना हरवलेली टीम विश्रांती घेऊन येते आणि पाचात तीन हरून घरी जाते, लोक शिव्या देतात. पण एवढं सगळं बदललं तरी फायनल एका मॅचवर आणायचं कुणी धाडस केलं नाही.

दोन वर्षांपूर्वी स्पर्धेआधीच्या मीटिंगला मी हेच मांडायचं ठरवलं. मीटिंग धाराशिवला होती. समोर कमिटीत आमचे सर बसले होते. निवृत्त झाले होते, पण जिल्ह्यातल्या खेळांत त्यांचा शब्द चालायचा. मला बघून खूष झाले, शेजारच्याला म्हणाले, "ही माझी इद्यार्थिनी."

मी उभी राहिले. म्हटलं, उपांत्य फेरी एकेक मॅच ठेवा, पण मुलींची फायनल तरी तिनात दोन करा. किमान एका दिवसात दोन मॅच नकोत. पोरींचे हात जातात. अमेरिकेत काय करतात तेही थोडक्यात सांगितलं. मागून कुणीतरी म्हणालं, "मॅडम, अमेरिकेचं तिथं राहू द्या, हितं मैदानाला पाणी मारायला टँकर मिळंना." हशा झाला.

सर हसले नाहीत. म्हणाले, "बरोबर हाय तुझं. पर मैदान किती दिवस मिळतंय? पंच कुठून आणायचे? पोरींच्या राहायची सोय कोन करनार?"

"सर, तुम्हीच म्हणाला होता, एका मॅचला वारा पण जिंकतो."

त्यांना आठवलं, हे चेहऱ्यावरून दिसलं.

"तवा माझ्याकडं टीम होती," म्हणाले. "आता माझ्याकडं समद्या टीम हायत."

विषय तिथंच संपला. पुढं मुलांच्या बुटांवर चर्चा झाली.

त्या दिवाळीत मी माहेरी गेले तेव्हा मैत्रिणीच्या दुकानात गेले. ती स्टुलावर बसून रंगांप्रमाणे बांगड्या लावत होती. मी मीटिंगचं सगळं सांगितलं. सांगता सांगता माझा आवाज चढला. दुकानात आणखी एक बाई होती, ती आमच्याकडं बघायला लागली. मैत्रिणीनं तिला आधी वाटेला लावलं.

मग म्हणाली, "तू अजून तेच धरून बसलीस?"

"तिनात दोन असती तर तुझा हात राहिला असता."

"कसा राहिला असता? सरांनी पयली मला दिली असती, दुसरी बी मलाच दिली असती, तिसरी बी."

"नववीत मला दिली होती."

"नववीत सरांना कुनी वळखत नव्हतं. दहावीत कप शाळेत होता, तो सोडायचा नव्हता त्यांना. एक मॅच ठेव न्हायतर सात ठेव, सरांनी मलाच उभं केलं असतं." तिनं हिरव्या बांगड्यांचा एक डझन दोऱ्यात ओवून बाजूला ठेवला. "आन् एक सांगू का? हात माझा गेला आन् राग तुला आला. का आला? तुला टाकाय मिळालं न्हाय, म्हणून."

तिनं चहा मागवला. मी तो प्यायले, तिच्या पोरांची चौकशी केली आणि निघाले. जीपमध्ये बसल्यावर तिचं म्हणणं पटायला लागलं, आणि पटल्यामुळं जास्तच राग आला. सरांचा आला, तिचा आला, त्या हसणाऱ्या मीटिंगचा आला. तिचा राग करायचा मला काही अधिकार नव्हता, तरी आला.

यंदा माझी टीम फायनलला पोचली. जळकोटच्या मुली पहिल्यांदाच. माझी पहिली पिचर अकरावीला खेळाच्या कोट्यातून लातूरच्या कॉलेजात जायची स्वप्नं बघणारी, शेतात राबून दणकट झालेली पोरगी. दुसरी पिचर सडपातळ, अबोल. सकाळची उपांत्य मॅच मी दोघींत वाटून दिली. दुपारी फायनलला पहिली उभी राहिली. पाचव्या इनिंगला आम्ही पुढं होतो. तिचा चेंडू खाली पडायला लागला होता आणि प्रत्येक चेंडूनंतर ती कोपर झटकत होती.

मी पंचांना हात केला आणि तिला बाहेर बोलावलं.

"मॅडम, मी टाकते की!"

"चेंडू तिच्याकडं दे."

"मॅडम, दोनच इनिंग राहिल्यात. माझं काही दुखंना."

"दे म्हटलं ना."

तिनं चेंडू दुसरीच्या हातात दिला नाही, जमिनीवर टाकला. दुसरीनं तो वाकून उचलला. ती घाबरली होती हे मला मैदानाबाहेरून दिसत होतं. तिला सावरायला एक इनिंग लागली, आणि त्या एका इनिंगमध्ये तीन धावा गेल्या. सातवी तिनं फार सुंदर टाकली. तोवर उशीर झाला होता.

पहिली माझ्याशी बोलली नाही. तिचे वडील आले होते, त्यांनी आवाज न चढवता विचारलं, "मॅडम, जितायलेली मॅच होती. पोरीच्या कॉलेजचा प्रश्न होता. कशापाई काढलं?" मी हाताचं सांगितलं. ते म्हणाले, "टाकतीस का म्हणून तिला इचारलं असतं तर तिनं न्हाय म्हणलं असतं का?" नसतंच म्हटलं. तेच तर होतं, पण ते त्यांना सांगून काय उपयोग.

सर मांडवात खुर्चीवर बसले होते. मी पाया पडले. त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि म्हणाले, "चांगली टीम बांधलीस. पर मी असतो तर काढली नसती."

"माहिती आहे, सर."

"आज बी काढली नसती," ते म्हणाले, आणि त्यांच्या बोलण्यात पश्चात्तापाचा लवलेश नव्हता.

परतीच्या गाडीत पोरी दोन भागांत बसल्या. दुसरी पिचर एकटीच खिडकीपाशी. कुणीतरी मागून तिला ऐकू जाईल असं म्हणालं, "हिच्यापायी गेलं." मी मागं वळून दम दिला. तेवढ्यानं काय होणार. तिची दुसरी मॅच उद्या असती तर ती नक्की जिंकली असती, असं मला वाटत होतं. कदाचित हे मी तिच्याबद्दल म्हणत नव्हते.

सरावाला दुसरी येते. तिला आता मी एक नंबर म्हणावं, असं तिला वाटत असेल. मी अजून म्हटलेलं नाही. पहिली येत नाही. परवा तिच्या वर्गशिक्षिका आल्या आणि म्हणाल्या, त्या मुलीनं कबड्डीला नाव दिलंय, तुमची हरकत नाही ना? मी काही हरकत नाही म्हणाले, आणि साहित्याच्या खोलीतून कबड्डीचं मैदान आखायला चुन्याची पिशवी काढून दिली.